वहीत नसलेलं वाक्य

केवळराम रहांगडाले एसटीत चढला की कंडक्टरचं डोकं फिरतं. कंडक्टर विचारतो, "कुठं?" केवळराम सांगतो. कंडक्टर म्हणतो, "काय?" केवळराम परत सांगतो. तिसऱ्या खेपेला मागच्या सीटवरचा नाटकातलाच कोणी तरी वैतागून म्हणतो, "देवरी म्हणून राहिला ना तो, दे ना बाबा तिकीट." घसा धडधाकट, दात शाबूत, छातीत कफ नाही की काही नाही, पण आवाज असा की ज्याला सवय आहे त्याच्याच कानात जावा आणि शेजारच्याला पत्ता लागू नये. या आवाजाची त्यानं एक्केचाळीस वर्षं मशागत केली आहे. चिचटोल्याच्या नाटकाचा तो प्रॉम्प्टर आहे, म्हणजे विंगेत बसून मागून वाक्य सांगणारा.

आता, वहीत पाहून वाचायचं त्यात काय मोठं, असं म्हणणारे शहाणे गावोगाव असतात. त्यांना एकदा विंगेतल्या त्या स्टुलावर बसवलं पाहिजे. शब्द लवकर दिला तर नट तो गिळून टाकतो, उशिरा दिला तर बैलासारखा बघत राहतो. त्यातून कोणता नट विसरून थांबला आणि कोणता मुद्दाम थांबला, हे ओळखायचं असतं. मुद्दाम थांबलेल्याला शब्द दिलात तर तो नाटक संपल्यावर तुमची आई-बहीण काढतो. केवळराम डोळ्यांवरून ओळखतो. विसरलेल्याचे डोळे वर आढ्याकडे जातात, मुद्दाम थांबलेल्याचे समोरच राहतात.

ही सवय नाटकापुरती राहिली असती तर ठीक होतं. पण पंधरा ऑगस्टला सरपंच भाषणात अडखळले की मागून केवळरामचा शब्द हजर. लग्नात भटजी खोकायला थांबले की पुढची ओळ हा सांगणार. घरी त्याच्या बायकोचं, रुख्मिणीचं, उलटं झालं होतं. त्याचं बोलणं बाहेरच्या कोणालाच ऐकू जात नाही म्हटल्यावर दूधवाल्याला, पोस्टमनला, व्याह्यांना त्याचं म्हणणं मोठ्यानं सांगण्याचं काम तिच्याकडे आलं. ती ते करायची, पण फुकट नाही. दोन शब्द पदरचे घालून करायची.

नाटक गावाचंच. शाळेतल्या ईश्वरदास गुरुजींनी सत्तावन्न साली लिहिलेलं, नाव 'रुसला मामा पंगतीत'. त्याच वर्षीच्या मंडईला, म्हणजे गावच्या जत्रेला, पहिला प्रयोग झाला. तेव्हापासून दिवाळीनंतर मंडई भरली आणि हे नाटक झालं नाही असं फक्त तीनदा घडलं, एकदा युद्ध होतं, एकदा दुष्काळ आणि एकदा कोरोना. गॅसबत्तीवर झालं, जनरेटरवर झालं. बैलगाडीत पडदे घालून सालेकश्यापर्यंत जाऊन आलं. आधी मिशा काढलेले गडी नवरी व्हायचे, पुढं वडशाच्या नाटक कंपन्यांतून नट्या बोलवायला लागले, आता गावच्याच पोरी उभ्या राहतात. एका घरात तर आजा, बाप आणि नातू असे तिघंही आपापल्या काळात नवरदेव होऊन गेले, आणि तिघांनाही नाटकातला तो एकच शेला आखूड झाला.

गोष्ट साधी आहे. भाच्याच्या लग्नात मामाला मानाचं धोतर द्यायचं राहून जातं. मामा रुसतो, लग्न अडतं. तिसऱ्या अंकात समजूत काढून त्याला पंगतीला बसवतात, पुढ्यात भाताचं पान वाढतात, आणि मामा म्हणतो, "मी या घरचं... थांब, पान पलटू दे!" आणि भातासकट पत्रावळ पालथी घालतो. बस्स. इथं पब्लिक जे हसतं ते पाच मिनिटं थांबत नाही. पोटुशी बाई असेल तर तिला आधीच मागं बसवतात. चिचटोल्यात कोणी ताटावरून रुसून उठला तरी घरचे म्हणतात, पान पलटून राहिला का? हे वाक्य कोणाचं, यावर गावात दोन तट. निम्मं गाव म्हणायचं, गुरुजींच्या डोक्यातूनच निघालं असलं पाहिजे. निम्मं म्हणायचं, पहिला मामा झालेल्या सुखराम टेंभऱ्यानं आपल्या मनानं घातलं. गुरुजी हयात होते तोवर कोणी विचारलं तर नुसती मान हलवायचे, आणि मान कोणत्या बाजूला हलली ते कोणालाच कळायचं नाही.

खरं काय ते एकट्या केवळरामला ठाऊक होतं.

त्याचा बाप केशोराव हा पहिला प्रॉम्प्टर. भंडाऱ्यापर्यंत नाव असलेला. काना-मात्रा इकडची तिकडे होऊ देणार नाही असा माणूस. त्र्याऐंशी साली डोळे गेले तेव्हा त्यानं वही पोराच्या हातात दिली आणि मान खाली घालून एक गोष्ट सांगितली. पहिल्या प्रयोगाला तिसऱ्या अंकात, "मी या घरचं" एवढ्यावर वहीचं पान संपलं. पुढचं "पाणीही पिणार नाही" हे मागच्या पानावर. पानं दवानं चिकटलेली. केशोराव नटाला म्हणाला, "थांब, पान पलटू दे." नटानं तेच वाक्य समजून मोठ्यानं बोलून टाकलं, आणि पुढ्यात जेवणाचं पान होतं म्हणून तेच पलटवलं. पडदा पडल्यावर गुरुजींनी सगळ्यांदेखत केशोरावला सोलून काढला. पण पब्लिकनं दुसऱ्या दिवशी गल्लीगल्लीत तेच वाक्य धरलं, मग काढणार कोण?

"आपला आवाज पब्लिकमदी जाव नाही," केशोराव म्हणाला होता. "माहा गेला. हे कोनाले सांगू नको. अन् वहीत तो शब्द लिवू नको."

केवळरामनं शब्द दिला आणि पाळला. पण माणूसच तो. दरवर्षी तिसऱ्या अंकात ते हसू उठलं की त्याच्या अंगावर काटा यायचा. बाप जाऊन बत्तीस वर्षं झाली. ना एक फोटो, ना टेपमध्ये आवाज. जन्मभर दुसऱ्याची वाक्यं सांगून गेलेल्या माणसाचं स्वतःचं असं एकच वाक्य जगात उरलं होतं, आणि ते हजार माणसं दरवर्षी तोंडपाठ ऐकत होती. कोणाचं आहे हे त्यांना ठाऊक नव्हतं, पण ऐकत तर होती. केवळरामला तेवढं पुरत होतं.

यंदा ते पुरेनासं झालं. देवरीच्या शाळेत शिकवणारा धनेंद्र बिसेन हा यंदाचा दिग्दर्शक. पोरगा हुशार, नागपूरला नाटकाचं शिबिर करून आलेला, आणि शिबिर केलेल्या माणसाला असतो तो सगळा ताप त्याला होता. गुरुजींची नात गुंजन फुलचूरला राहते, तिला घर रंगवताना पेटीत गुरुजींच्या हातचं मूळ नाटक सापडलं. तिनं ते धनेंद्रला आणून दिलं. धनेंद्रला आनंद मावेना. यंदा नाटक अक्षरशः मूळ लिखाणाप्रमाणे होणार आणि मंडईच्या दिवशी त्याचं छापील पुस्तकही निघणार, असं त्यानं जाहीर केलं. गाव खूश झालं. केवळरामही खूश झाला. तिसऱ्या अंकाचं वाचन होईपर्यंत.

"हे वाक्य मूळ प्रतीत नाही," धनेंद्र म्हणाला. "गुरुजींनी लिहिलंय, मी या घरचं पाणीही पिणार नाही. ते पान पलटणं नंतर कोणी तरी घुसडलंय. काढा."

मामा झालेला भुवनेश्वर नागझिऱ्यात गाईड आहे. दिवसभर जिप्सीत, वाघ बिथरू नये म्हणून हळू बोलतो आणि स्टेजवर त्याची कसर काढतो. तो म्हणाला, "सर, जान निकल जाएगी नाटक की. त्याच्यावरच तर सारं हाय."

"नाटक लेखकाचं असतं, भुवनेश्वर. पुस्तकात छापायचं आहे. उद्या कोणी विचारलं हे कोणी लिहिलं, तर काय सांगू?"

केवळराम स्टुलावर बसून होता. ओठ हलले त्याचे, पण एवढ्या वर्षांची सवय, वहीत नसलेलं काही तोंडातून निघेना. वाक्य गेलं. आणि पुस्तकातून गेलं म्हणजे कायमचं गेलं, कारण पुढची पोरं पुस्तकातूनच पाठ करणार.

दोन दिवस तो जेवला नाही नीट. तिसऱ्या दिवशी रुख्मिणीनं ताट बाजूला सारलं आणि म्हणाली, "तब्येत खराब आहे का डोस्का खराब आहे, एक काय ते सांगा." तेव्हा त्यानं सांगितलं. सगळं, पहिल्यापासून.

रुख्मिणीला आधी राग आला तो वेगळाच. "चाळीस वर्षं झाले मी या घरात भाकर थापून राहिली, अन् मले नाही सांगतला?"

"बाबाले शब्द देल्लो होतो."

"मंग आता काऊन सांगतले?"

केवळरामनं ताट परत पुढं ओढलं. ती म्हणाली, "सांगून टाका ना मास्तरले. एका मिनिटाचा काम."

"काय सांगू? का बाबा चुकला होता म्हनून? गावभर?" केवळराम म्हणाला. "केशोराव म्हटला तं लोक आजबी कानाले हात लावतेत. एक अक्षर चुकला नाही म्हन्तेत. अन् पोटच्या पोरानं उठून सांगाव, का चुकला?"

गोष्ट एवढीच होती आणि सुटत नव्हती. गप्प राहिला तर बापाचं वाक्य जाणार. बोलला तर बापाचं नाव जाणार.

रंगीत तालीम रविवारी दुपारी शाळेच्या पटांगणात ठेवली होती. लवकर येणाऱ्या हलक्या धानाची कापणी उरकलेली, म्हणून अर्धं गाव येऊन बसलं. बाया सुपं घेऊन आल्या होत्या, नाटकही पाहतील आणि तांदूळही निवडतील. समोर खुर्चीवर सुखराम टेंभरे, वय अठ्ठ्याऐंशी, गळ्यात मफलर गुंडाळून, पहिला मामा म्हणून मानानं आणून बसवलेले. केवळराम विंगेत स्टुलावर, गुडघ्यावर वही.

तिसरा अंक लागला. पंगत बसली. पत्रावळीवर खरा भात वाढला. भुवनेश्वरनं मूठ आपटली आणि म्हणाला, "मी या घरचं..." आणि बिचारा अडला. इतकी वर्षं नाटक पाहून जिभेवर दुसरंच येत होतं. डोळे वर गेले. केवळरामनं शब्द द्यायला पाहिजे होता, "पाणीही". त्याच्या तोंडून तोही निघेना.

त्या शांततेत म्हातारी मुन्नीबाई सुपातले खडे वेचता वेचता, मान वरही न करता, सहज म्हणाली, "थांब, पान पलटू दे."

आणि मग काय, सगळंच बिघडलं. पुढच्या रांगेतल्या बाया म्हणाल्या, मागची माणसं म्हणाली, झाडावर चढलेली पोरं म्हणाली. भुवनेश्वरचा हात आपोआप पत्रावळीखाली गेला. पटांगण हसून लोळत होतं आणि धनेंद्र हातातले कागद हलवत मध्ये येऊन उभा राहिला.

"बंद करा. हे नाटकात नाही म्हणून राहिलो ना मी!" रागाच्या भरात शिबिराचं मराठी गळून पडलं. "कोनं लिवला हा? सांगा मले. एकानं तरी सांगा कोनाचा आहे ते, ठेवतो मी."

मग सगळेच बोलायला लागले. गुरुजींचा, सुखरामचा, गुरुजींचा. आणि या गलबल्यात केवळराम रहांगडाले स्टुलावरून उठला आणि विंगेतून बाहेर स्टेजवर आला. एक्केचाळीस वर्षांत तो तिथं नाटक चालू असताना कधी आला नव्हता, म्हणून लोक गप्प झाले.

केवळराम बोलला. ओठ हललेले सगळ्यांना दिसले. ऐकू कोणालाच गेलं नाही.

"काय म्हन्ते गा?" मागून कोणी विचारलं.

तो परत बोलला. तेवढाच आवाज. मग बायांच्या रांगेतून रुख्मिणी उठली, सूप शेजारणीच्या मांडीवर ठेवलं, आणि स्टेजच्या कडेला येऊन उभी राहिली. केवळराम एकेक वाक्य बोलायचा आणि ती ते पटांगणाला सांगायची.

"तो गुरुजीचा नोहे म्हन्तेत. सुखरामकाकाचा बी नोहे. यायच्या बाबाचा आहे." "वहीचा पान चिकटला होता." "पान पलटू दे म्हनून बाबानं सांगतला, अन् काकानं तोच बोलून टाकला." इथवर तिनं दणक्यात सांगितलं. पुढचं वाक्य केवळराम बोलला तेव्हा मात्र तिनं त्याच्या तोंडाकडे पाहिलं आणि तिचाही आवाज उतरला. "बाबाची चूक होती म्हन्तेत. बाबा जन्मात एकदा चुकला, तो हा."

यावेळी तिनं पदरचं काही घातलं नाही.

बायांच्या हातातली सुपं थांबली. केवळरामला वाटलं, झालं, बुडवलं आपण बापाला. त्याच्या डोळ्यांत पाणी उभं राहिलं, आणि त्यानं ते पुसलंही नाही.

"खोटा आहे," सुखराम म्हणाले.

म्हाताऱ्याला उठायला वेळ लागला. काठी टेकली, मफलर सोडला. "केशोराव चुकला नोहता. वाक्य कोनता अन् हुकूम कोनता, ते मले समजत नोहता का? हात वर करून सांगतला त्यानं, थांब म्हनून. मी का येडा होतो?" त्यांनी दम घेतला. "दोन अंक झाले होते. एक मानूस हासला नोहता माह्यावर. घाम सुटला होता. हा शब्द आयकला अन् मनात म्हटला, गुरुजीच्या शब्दापरीस हाच बेस आहे. उचलला अन् टाकला बोलून. चोरला म्हना."

"मंग गुरुजी त्यायले काऊन बोलले?" हे रुख्मिणीनं विचारलं, आणि कोणी न सांगता विचारलं.

"तोच सांगून राहिलो ना, बाई. गुरुजी खवळले. कोनाची चूक म्हन्ले. मी नवा होतो, माहा नाव घेतला असता तं त्याच वक्ती काढला असता मले. केशोरावनं माह्याकडे पाह्यला अन् म्हटला, चुकलो गुरुजी." सुखराम खाली पाहत होते. "मी सत्तावीस वर्षं मामा केला. हार घेतले, फेटे घेतले. लोक म्हन्त, सुखरामनं घातला शब्द, अन् मी आयकून घेत होतो. तो होता तोवर सांगाची हिंमत नाही झाली, अन् मंग कोनाले सांगू?"

धनेंद्र खिशात पेन शोधत होता. सापडलं तेव्हा त्यानं मूळ प्रतीच्या झेरॉक्सवर ते वाक्य लिहिलं, एकदा केवळरामला दाखवलं, आणि म्हणाला, "काका, पुस्तकात खाली टीप टाकतो. केशोरावजी रहांगडाले यांचं वाक्य म्हणून."

"खाली कायले?" मुन्नीबाई म्हणाली. "वर टाकला तं कागद फाटते का?"

लोक हसले. धनेंद्रही हसला, आणि वर टाकतो म्हणाला. भुवनेश्वर पालथ्या पत्रावळीचा भात गोळा करायला लागला, कारण सीन परत घ्यायचा होता. केवळराम मात्र विंगेत न जाता स्टेजवरून उतरला आणि सुखरामांच्या खुर्चीपाशी जाऊन वाकला. म्हाताऱ्यानं ऐकायला कानामागं हात धरला. केवळरामला बाप चुकला नाही हे कळलं होतं, नाव राहिलं होतं, वाक्यही राहिलं होतं. पण त्याला भलतंच काही विचारायचं होतं.

"काका, पब्लिक हासून राहिली होती तेव्हा बाबा काय करून राहिले होते?"

सुखरामांनी डोळे मिटले.

"तोंड नाही दिसला गा त्याचा. वही धरली होती तोंडासमोर," ते म्हणाले. "पन पब्लिकसंग वही बी लय हालून राहिली होती."

केवळराम परत विंगेत जाऊन स्टुलावर बसला. पुढचा शब्द द्यायला त्याला जरा वेळ लागला, आणि तोवर सगळे थांबले.